‘दु’ची यादी

सरकारी दवाखान्यात, डोळ्यांच्या विभागात, जिन्याखाली एक खोली आहे. खोली कसली, जिना बांधून उरलेली जागा. आत एक टेबल, एक खुर्ची, एक लोखंडी कपाट आणि दाराबाहेर लांबच लांब बाक. त्या खुर्चीवर ज्या बाई बसतात त्यांना आम्ही सगळे नंबरबाई म्हणतो. तोंडावरसुद्धा म्हणतो. त्या चिडत नाहीत, कारण चिडायला त्यांना रोज याहून चांगली कारणं मिळतात.

मी पेंटर. चित्रं काढणारा नव्हे, पाट्या रंगवणारा. दुकानांच्या, शाळांच्या, ‘येथे गाड्या लावू नयेत’च्या. चाळीस वर्षं ब्रश धरला आहे, तेव्हा अक्षरावरून माणूस ओळखतो असं मी म्हणतो. सूनबाई म्हणते, “बाबा, अक्षरावरून तुम्ही फक्त भांडण उकरून काढता.” म्हणू दे. पण एका अक्षरापायी मी चौदा महिने धुक्यात काढले, तेव्हा अक्षराबद्दल बोलायचा हक्क मला नाही तर कुणाला आहे?

आधी बाईंबद्दल सांगतो, कारण हे सगळं त्यांच्याबद्दलच आहे. माझं मध्ये मध्ये येईल, ते माझ्या स्वभावामुळे.

बाई या खुर्चीवर बसायच्या आधी वॉर्डात मदतनीस होत्या. पेशंट उचलायचा, कुशीवर वळवायचा, चादर बदलायची, असं एकोणीस वर्षं केलं. मग पाठीने संप पुकारला. वरच्या लोकांनी बसून करायचं काम म्हणून त्यांना मोतीबिंदूच्या ऑपरेशनची यादी सांभाळायला दिली. यादी म्हणजे तेव्हा काय होतं? डॉक्टरांच्या कोटाच्या खिशातल्या चिठ्ठ्या! कोट धुवायला गेला की पाच-सहा माणसं यादीतून धुऊन निघायची. ज्याचा आवाज मोठा त्याचा डोळा आधी. बाईंनी पहिल्या दिवशी सगळे खिसे रिकामे केले, चिठ्ठ्या टेबलावर मांडल्या आणि एक जाडजूड वही मागून घेतली.

हिशेब साधा आहे. ऑपरेशन करणारे मोठे डॉक्टर आठवड्यातून एकदा, गुरुवारी येतात. डोळ्यात बसवायची भिंगं येतात आठ. चार सकाळी, चार दुपारी. नववं होत नाही. कुणीतरी एकदा म्हणालं होतं, डॉक्टर, एक जास्त करा की. डॉक्टर म्हणाले, “करतो, पण नववा तुम्ही व्हा.” तो विषय तिथेच संपला.

तर आठ भिंगं आणि बाकावर दोनशे माणसं. बाईंच्या लक्षात आलं, की ज्यांचा एक डोळा झाला आहे तेच लोक दुसऱ्यासाठी परत पुढे असतात. त्यांना रस्ता माहीत, डॉक्टर माहीत, शिवाय आता फलकही वाचता येतो. ज्यांना दोन्ही डोळ्यांनी दिसत नाही ते बिचारे बाक शोधण्यातच मागे पडतात. बाई डॉक्टरांकडे गेल्या आणि म्हणाल्या, “घरात वाढताना आपण आधी सगळ्यांच्या ताटात एकदा वाढतो ना? मग दुसऱ्यांदा विचारतो. इथे काहींचं दुसऱ्यांदा होतंय आणि काहींची ताटं कोरडी आहेत.” तेव्हापासून दोन याद्या झाल्या. पहिल्या डोळ्याची आणि दुसऱ्या डोळ्याची. आठ भिंगांतली सहा पहिल्या यादीला, दोन दुसऱ्या यादीला. वहीत नावापुढे ‘प’ किंवा ‘दु’. एवढं सुटसुटीत.

आणि कडक म्हणजे किती कडक! त्यांच्या सख्ख्या आईला त्यांनी सात महिने यादीत ठेवलं. म्हातारी दर महिन्याला येऊन बाकावर बसायची आणि शेजारच्याला सांगायची, “आत बसलीय ती माझी लेक, पण इथे मला ओळखत नाही हं.” आणि स्वतःच खदखदून हसायची. मीही एकदा वशिला लावून बघितला होता, लपवत नाही. ज्यांच्या कचेरीची पाटी मी तीनदा रंगवली होती अशा एका वजनदार माणसाची चिठ्ठी आणली. बाईंनी चिठ्ठी उघडली, नीट वाचली, घडी घातली आणि तिच्यावर पेन्सिलीने आकडा टाकला.

“हे काय?” मी विचारलं.

“चिठ्ठीचा नंबर. अशा अठरा आहेत. तुमची एकोणिसावी.”

माझा असा तिळपापड झाला म्हणून सांगू! बाकावरचे लोक मात्र हसत होते.

आता माझ्या अक्षराकडे येतो.

दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे असं निघालं तेव्हा मी अजून थोडंफार काम करत होतो. मोठी अक्षरं जमत होती. बाई नाव लिहून घेत होत्या, तर मी आधीच बजावलं, “मला दुपारची वेळ द्या. सकाळचा उजेड माझ्या कामाचा असतो. सकाळी मी येणार नाही, सांगून ठेवतो.” बाई म्हणाल्या, वेळ त्या दिवशी ठरते, आत्ता लिहीत नाहीत. मी म्हणालो, लिहा. त्या म्हणाल्या, गरज नाही. मी म्हणालो, मी बघतो लिहिल्याशिवाय पेन कसं खाली ठेवता ते. मागे रांग खोळंबली होती. शेवटी बाईंनी हात टेकले आणि माझ्या नावापुढे लिहिलं, ‘दु’. दुपार. आणि या गडबडीत ‘प’ लिहायचा राहिला.

महिन्याभराने वर्ष बदललं, वही बदलली. बाईंनी सगळी नावं नव्या वहीत उतरवून काढली. ‘प’वाले एका बाजूला, ‘दु’वाले दुसऱ्या बाजूला. झालं! मी एकही डोळा न होता दुसऱ्या डोळ्याच्या यादीत जाऊन बसलो.

गंमत पुढेच आहे. मी दर महिन्याच्या पहिल्या सोमवारी जायचो. “कितवा?” म्हणून विचारायचो. बाई सांगायच्या. दर महिन्याला नंबर आठाने सरकायचा, कधी दहाने. शेजारच्यांचे चोवीस-पंचवीसने सरकत होते. मी कडाडलो, “माझ्यावर काय दात आहे का तुमचा?”

बाई शांतपणे म्हणाल्या, “तुमची ‘दु’ची यादी आहे. ती हळूच सरकते.”

मला वाटलं, ‘दु’ची म्हणजे दुपारची! मीच हट्ट केला होता, आता भोगा. सूनबाई म्हणाली, “बाबा, सकाळची चालेल म्हणून सांगा की.” पण मी कसला सांगतोय? एकदा दुपार म्हटलं म्हणजे दुपार. मान खाली घालायची सवय मला नाही.

आणि बाईंना शंका का आली नाही, तर तीही माझीच करामत. मला दिसत नाही हे मी कुणाला कळूच दिलं नाही. फाटकापासून पायऱ्या अकरा, मग डावीकडे चौतीस पावलं, मग बाक. सगळं मोजून ठेवलं होतं. काठी घेतली नाही. ताठ चालत यायचो, बाईंच्या आवाजाच्या रोखाने बघून बोलायचो, शिवाय निघताना “आज गर्दी कमी दिसतेय” असं ठोकून द्यायचो. बाईंना वाटायचं, एका डोळ्याने छान दिसतंय याला, उगाच दुसऱ्यासाठी कटकट करतोय.

असे चौदा महिने गेले. काम कधीच सुटलं होतं. दुकानदार आधी “पेंटरकाका, सवडीने करा” म्हणायचे, मग म्हणेनासे झाले. घरी मी रेडिओ ऐकायचो आणि सूनबाईच्या स्वयंपाकाला नावं ठेवायचो. त्या माउलीने ऐकून घेतलं.

मग दवाखान्याचं छत गळायला लागलं, म्हणून ऑपरेशन थिएटर पाच महिने बंद राहणार असं ठरलं. बंद व्हायच्या आधी एकच गुरुवार उरला होता. बाई वह्या अद्ययावत करायला बसल्या. दुसऱ्या डोळ्याच्या यादीत प्रत्येकापुढे पहिल्या डोळ्याची तारीख असते. माझ्यापुढचा रकाना रिकामा. त्यांनी घरी फोन केला. सूनबाईने उचलला.

“पेंटरांच्या पहिल्या डोळ्याची तारीख सांगता का?”

“पहिला कुठे झालाय हो? दोन्ही तसेच आहेत.”

सूनबाई सांगते, पुढे एक शब्द न विचारता बाईंनी फोन ठेवला.

त्याच दिवशी काम सुटल्यावर बाई आमच्या घरी आल्या. पाठ दुखत असूनही दोन जिने चढून आल्या. मी गॅलरीत बसलो होतो. त्या समोर उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, “पेंटर, तुमचा डोळा सात महिन्यांपूर्वीच व्हायला हवा होता. माझ्या हातून चूक झाली.” आणि ‘दु’ची सगळी कथा सांगितली. जुनी वही पुरावा म्हणून पिशवीत घालून आणली होती. मला दाखवत होत्या! मला काय दिसणार, कप्पाळ?

मी तोंडाचा पट्टा सोडला. काय काय बोललो ते लिहिण्यासारखं नाही. सूनबाई मध्ये पडायला गेली तर बाई म्हणाल्या, “बोलू द्या त्यांना. चौदा महिन्यांचं आहे.” बोलून बोलून माझाच घसा कोरडा पडला. मग मला दुसरंच सुचलं. ही चूक आम्हा तिघांशिवाय कुणालाच माहीत नाही. मी आवाज खाली आणला.

“बाई, झालं ते झालं. या गुरुवारी मला गुपचूप आत घ्या. मी कुठे बोलणार नाही.”

“गुपचूप घेतलं तरी भिंगं आठच राहतात, पेंटर. आठांतला कुणीतरी बाहेर काढावा लागेल. माझी चूक मी कुणाच्या डोळ्यातून भरून काढू?”

 

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला दवाखान्यातल्या रोजच्या डॉक्टरांकडून तपासून घेतलं. डॉक्टर म्हणाल्या, उजव्यातला मोतीबिंदू पिकून गेलाय, डोळ्यातला दाब वाढायला लागलाय. आणखी पाच महिने थांबलात तर मग भिंग बसवून उपयोग नाही. तो डोळा गेला म्हणून समजा. एवढं सरळ सांगितलं. खोटं कशाला बोलू, त्या दिवशी पहिल्यांदा मी सूनबाईचा हात धरून घरी आलो.

बाईंपुढे आता एकच वाट होती. त्या गुरुवारचे सहा ‘प’वाले होते, त्यांचा एकही डोळा झालेला नव्हता. त्यांना हात लावायचा प्रश्नच नाही. उरले दोन ‘दु’वाले. एक बेकरीवाला आणि एक निवृत्त मास्तरीणबाई, गणिताच्या. दोघांचाही एक-एक डोळा झालेला, दुसऱ्यासाठी दीड-दोन वर्षं थांबलेले. बाईंनी ठरवलं, त्यांना विचारायचं. आणि विचारताना आधी सांगायचं, की चूक आपली स्वतःची आहे. तसा कागद त्यांनी जिन्याखालच्या दारावरही लावला. ‘यादीत माझ्याकडून चूक झाली आहे, ज्यांना आपलं नाव तपासायचं असेल त्यांनी तपासून घ्यावं.’ खाली सही. मोठे साहेब म्हणाले म्हणे, असं जाहीर करायची काय गरज होती? बाई म्हणाल्या, “लोक या वहीवर विसंबून घरी जातात, साहेब.” दोन दिवस बाकावर नुसती झुंबड होती. सगळ्यांची नावं बरोबर निघाली. माझंच तेवढं नशीब.

बेकरीवाल्याने नाही सांगितलं. भट्टीत लांब फळी घालताना एका डोळ्याने अंतर कळत नाही, हात तीनदा भाजलाय म्हणाला. मला कळलं तसा माझा पारा चढला. “भाजला तर मलम लावावं! माझा डोळाच चाललाय!”

बाईंनी मला असं झापलं की विचारू नका. “त्यांना नाही म्हणायचा पूर्ण हक्क आहे. नाही म्हणता येत नसेल तर ते विचारणं कसलं, ती जबरदस्ती झाली. त्यांच्याबद्दल एक शब्द बोलायचा नाही.”

उरल्या मास्तरीणबाई. त्यांनी हो म्हटलं नाही, नाही म्हटलं नाही. म्हणाल्या, मला त्या माणसाला भेटायचंय. पत्ता द्या.

बुधवारी दुपारी त्या आमच्याकडे आल्या. सूनबाई कामावर गेली होती, मी एकटाच होतो. मला एक उंच, राखाडी धूसर आकार दिसला आणि खणखणीत आवाज ऐकू आला. म्हटलं, बसा. खुर्ची सरकवल्याचा आवाज आला. त्यांनी विचारलं, यादीत नाव घातलं तेव्हा कितवा नंबर होता? मी म्हणालो, एकशे अडुसष्ट. त्या पुटपुटल्या, “भागिले सहा. अठ्ठावीस आठवडे.”

मी ठरवलं होतं, हात पसरायचा नाही. त्या गप्प होत्या म्हणून मीच बोलायला लागलो. सांगितलं, की मला कुणाची दया नको. मी या गावातल्या निम्म्या पाट्या लिहिल्यात. तुमच्या शाळेचीही मीच लिहिली असेल. तुम्हाला वाचायला, लिहायला डोळा हवा असणार, तो तुमच्या हक्काचा आहे, मी तोंड वेंगाडणाऱ्यांतला नाही. माझं मी बघून घेईन. शब्दागणिक आवाज चढत गेला. छान बोललो मी, ताठ बसून, त्यांच्या डोळ्याला डोळा भिडवून. चांगली दहा मिनिटं बोललो. बोलून झाल्यावर त्या म्हणाल्या, “बरं, येते मी.” आणि गेल्या.

मला वाटलं, घालवली संधी. पण मनात कुठेतरी बरंही वाटत होतं, की लाज राखली आपण.

तासाभराने नंबरबाईंचा फोन आला. “उद्या या. मास्तरीणबाई सरकल्या.”

आमच्या दवाखान्यात तेव्हापासून हा शब्दच झाला, ‘सरकणे’. बाईंनी वहीत एक नवा रकाना आखला. जो सरकेल त्याचा नंबर जात नाही, भिंगं आली की पहिला तोच. आणि जो सरकणार नाही त्याच्या नावापुढे काहीच लिहायचं नाही. बेकरीवाल्याच्या नावापुढे काही लिहिलेलं नाही, मी स्वतः बघितलंय. कारण गुरुवारी माझा उजवा डोळा झाला. शुक्रवारी सकाळी पट्टी निघाली आणि समोर सूनबाई उभी होती. मी म्हणालो, “अगं, किती वाळलीस तू!” ती रडायला लागली. मग मीही रडलो, उगाच शूरपणा कशाला सांगू? डॉक्टर ओरडल्या, डोळ्यातून पाणी काढू नका म्हणून.

मग जिन्याखाली गेलो. नंबरबाई मला वाटल्या होत्या त्यापेक्षा बुटक्या निघाल्या, आणि चष्मा इतका जाड की त्यांचीच आधी तपासणी करावी. त्यांनी मान वर करून विचारलं, “दिसतंय?” म्हटलं, “दिसतंय. तुमचा ‘दु’ भलता वाईट आहे, बाई. त्याचा उकार कुठे चाललाय तेच कळत नाही.” त्या हसल्या. चौदा महिन्यांत पहिल्यांदा त्यांना हसताना बघितलं, अर्थात आधीच्या महिन्यांत हसल्या असतील तर मला दिसणार कसं? त्या दिवसापासून त्या वहीत ‘पहिला’, ‘दुसरा’ आणि ‘दुपारी’ हे शब्द पूर्ण लिहितात. जागा जास्त जाते, वर्षाला दीड वही लागते. त्यांनी मला दुसऱ्या डोळ्याच्या यादीत घातलं, या वेळी खरोखरच्या.

पाच महिन्यांनी थिएटर उघडलं आणि पहिल्याच गुरुवारी मास्तरीणबाईंचा डोळा झाला. आता आमची चांगली ओळख आहे. त्या माझ्या पाट्यांमधल्या शुद्धलेखनाच्या चुका काढतात, गणिताच्या असून. मी पुन्हा कामाला लागलो. मोठी अक्षरं झकास येतात. बारीक कामाला मात्र एक डोळा पुरत नाही. ब्रश भिंतीला नेमका कधी टेकणार ते कळत नाही, आणि कळेपर्यंत रंगाचा थेंब पडलेला असतो. भट्टीतल्या फळीचं म्हणणं मला आता कळतं. बेकरीवाल्याला मी तसं जाऊन सांगितलंही.

आणि चहाच्या टपरीवर बसून मी वर्षभर छाती ठोकून सांगत होतो, की माझी पाळी येऊ दे, मला विचारू दे, डोळ्याची पापणी न लववता सरकतो की नाही बघा.

पावणेदोन वर्षांनी, एका सोमवारी फोन वाजला.

“पेंटर, या गुरुवारी तुमचा दुसरा डोळा आहे.”

“वा! येतो की.”

“आणि एक विचारायचंय. नाही म्हणालात तरी चालतं. एक बाई आल्यात. पहिलाही झालेला नाही, आणि दाब वाढलाय. भिंगांचा साठा या गुरुवारी संपतोय. नवा यायला तीन-चार महिने तरी लागतील.”

खरंच सांगतो. मला तो डोळा हवा होता. बारीक अक्षरं हवी होती. माझं वय झालंय, चार महिने म्हणजे माझ्या हिशेबात पुष्कळ होतात. वर्षभर मारलेल्या बढाया एका मिनिटात विरघळल्या. मी म्हणालो, “विचार करून सांगतो.”

“संध्याकाळपर्यंत सांगा. आणि मनाविरुद्ध हो म्हणू नका,” बाई म्हणाल्या.

मी तडक मास्तरीणबाईंकडे गेलो. त्या दारातच वही तपासत बसल्या होत्या, शेजारच्या मुलीची. मी झालेलं सगळं सांगितलं आणि म्हणालो, “तुम्ही त्या वेळी पटकन हो म्हणालात. मला का जमत नाहीये? माणूस म्हणून मी इतका कमी आहे का?”

त्यांनी वही मिटली. “पटकन? मी तुमच्याकडे नाही म्हणायला आले होते.”

“काय?”

“निरोप पाठवून नाही म्हणणं बरं दिसत नाही, म्हणून स्वतः आले. वाक्यसुद्धा पाठ करून आले होते. मला डोळा हवा होता, पेंटर. मी काही संत नाही.”

“मग? मी एवढा ताठ बोललो, त्याने तुमचं मन बदललं?”

मास्तरीणबाई माझ्याकडे बघत राहिल्या. सांगू की नको असं त्यांच्या तोंडावर स्पष्ट दिसत होतं.

“मी खुर्ची ओढली, पण बसले नाही. पिशवी खुर्चीवर ठेवली आणि खिडकीशी जाऊन उभी राहिले, नाही कसं म्हणायचं याचा विचार करत. तुम्ही बोलायला लागलात. ताठ बसून, डोळ्याला डोळा भिडवून. दहा मिनिटं तुम्ही माझ्या पिशवीशी बोलत होतात.”

अंगावर कुणी गार पाण्याची बादली ओतावी तसं झालं. आणि मग मला हसू आलं, आणि हसता हसता माझा चांगला डोळा भरून आला. मास्तरीणबाईंनी पाण्याचा पेला माझ्या हातात दिला. एका डोळ्याचा माणूस पेला धरताना चुकतो हे त्यांना माहीत होतं, त्यांनी माझी बोटं त्याच्याभोवती नीट बसेपर्यंत सोडला नाही.

त्यांच्याच घरून मी फोन लावला.

“बाई, सरकतो.”

“नक्की? नाही म्हणालात तरी—”

“चालतं, माहीत आहे मला. सरकतो म्हटलं ना!”

“बरं. तुमचा नंबर कायम राहील. त्या बाई इथेच बाकावर बसल्यात. तुम्हाला भेटायचं म्हणतायत, आभार मानायला. पाठवू का घरी?”

“नको,” मी म्हणालो. “माझ्यासमोर बसल्या तर त्यांना सगळं दिसत असल्यासारखं वागावं लागेल.”

पलीकडे वहीचं पान उलटल्याचा आवाज आला.

“ठेवा आता फोन. बाहेर रांग आहे.”